आईला सांग

"बेटा, पाय पुसले की पळत जा आणि आईला सांग, गेटवरच थांब म्हणावं. आत आज सवाष्णींचं आहे."

काकू हे म्हणाल्या तेव्हा माझे दोन्ही पाय त्यांच्या परातीत होते. पितळी परात, कोमट पाणी, त्यात थोडं दूध. काकू खाली बसून माझ्या बोटांच्या बेचक्यांतली धूळ काढत होत्या. मी पाटावर. पाचवीतली पोर. कपाळभर कुंकू, केसांत गजरा. नवरात्रातली अष्टमी होती आणि मी त्या घरची कुमारिका होते. म्हणजे त्या दिवसापुरती देवी.

मला पुढे पाठवून देवीची आई बाहेर स्कूटी लावत होती. खिडकीतून मला दिसत होती. हेल्मेट काढून तिनं पदर नीट केला. साडी नेसून स्कूटी चालवायची तिला सवय होती. ती आता आत येईल, दरवर्षीसारखी, असं तिलाही वाटत होतं आणि मलाही.

हे घर सिविल लाइन्समध्ये. मोठं सरकारी आवार, कडुनिंबाची झाडं, भिंतीवर मोर, गेटवर गार्ड भैया. काकूंचे यजमान केंद्र सरकारात मोठ्या हुद्द्यावर. जयपुरातली आम्ही मराठी माणसं सगळी बदलीवर आलेली, कुणी बँकेतून, कुणी विम्यातून, कुणी फौजेतून. त्यात काकू म्हणजे आमच्या बायकांच्या गटाच्या राणीसाहेब. हळदीकुंकू कधी, भोंडला कुठे, कुणाला बोलवायचं, कुणाला नाही, सगळं त्या ठरवायच्या.

जयपुरात अष्टमीला गल्लीगल्लीत मुली जेवू घालतात. पुरी, हलवा, काळे चणे. आमची घरमालकीण आंटीजी सकाळपासून गल्लीतल्या पोरी गोळा करायची. पण आमच्या मराठी बायकांना मराठीच कुमारिका लागायची. तिच्या तोंडून आरती आली पाहिजे, तिनं पुरणपोळी नीट खाल्ली पाहिजे. आणि मराठी मुली होत्या कुठे? बोटांवर मोजाव्यात इतक्या. त्यामुळे अष्टमीला मला भलता भाव. आई आणि मी एका स्कूटीवर बसून घरोघर जायचो. आई सवाष्ण, मी कुमारिका. एका फेरीत दोन्ही कामं. बायका कौतुकानं म्हणायच्या, "या दोघी आल्या की आमची अष्टमी झाली."

त्या वर्षी श्रावणात आईचा घटस्फोट झाला होता. आमच्या जोडीतली एक बाद झाली. दुसरी अजून उपयोगाची होती.

आता बाबांबद्दल सांगते. बाबा बँकेत अधिकारी. दिसायला देखणे, बोलायला त्याहून गोड. गणपतीत आरती सुरू झाली की सगळ्यांत वरचा आवाज त्यांचा. लोक आईला म्हणायचे, नशीब काढलंस. बाबा दारू प्यायचे नाहीत. बाबांनी आईवर कधी हात उगारला नाही. बाबांनी फक्त बोलणं बंद केलं.

कारण साधंच. त्यांची बदली गुवाहाटीला झाली आणि आईनं नोकरी सोडायला नकार दिला. आधीच्या दोन बदल्यांत तिनं दोन नोकऱ्या सोडल्या होत्या. जयपूरला आल्यावर परीक्षा देऊन विमा कंपनीत चिकटली होती. सी-स्कीम भागात ऑफिस, स्वतःचं टेबल, टेबलावर नावाची पाटी. ती म्हणाली, "या वेळी नाही." बाबा म्हणाले, "बरं." त्यानंतर त्यांनी खटपट करून बदली रद्द करून घेतली, आणि त्या 'बरं'नंतर आईशी एक शब्द बोलले नाहीत.

माझी चौथी त्या अबोल्यात सुरू झाली आणि त्याच अबोल्यात संपली.

घर दुर्गापुऱ्यात, दोन खोल्यांचं. त्यात तिघं. बाबा ताटावर बसून मला म्हणायचे, "आईला सांग, मीठ जास्त झालंय." आई समोर, हाताच्या अंतरावर. मी आईकडे वळायची. "आई, मीठ जास्त झालंय." आई म्हणायची, "बाबांना म्हणावं, उद्यापासून कमी घालते." मी बाबांकडे वळायची. जेवताना माझी मान टेनिसची मॅच बघितल्यासारखी फिरायची. सुरुवातीला मजा वाटली. मोठी माणसं माझ्यावाचून बोलूच शकत नाहीत, केवढी मी महत्त्वाची! पुढे माझं पोट दुखायला लागलं. ताट समोर आलं की दुखायचं. डॉक्टरांनी जंताचं औषध दिलं.

आई आजारी पडली. ताप चढला. बाबा दारात उभे राहून मला म्हणाले, "आईला विचार, दवाखान्यात जायचंय का." आई पलंगावर होती. तिनं डोळे मिटले आणि मला म्हणाली, "बाबांना सांग, मी मेले की कुणाला विचारतील?" मी तो निरोप नेला. शब्द न् शब्द. बाबा शांतपणे पेपर वाचायला गेले.

पुढच्याच महिन्यात आईनं वकील गाठला.

कोर्टातला प्रकार मला आईनं नंतर सांगितला. समुपदेशन करणाऱ्या बाईंनी विचारलं, मारपीट? नाही. शराब? नाही. दूसरी औरत? नाही. मग तकलीफ काय आहे? आई म्हणाली, "ये मुझसे बोलते नहीं हैं।" बाई हसली. खरंच हसली. म्हणाली, "मॅडम, चुप रहनेवाला पति तो किस्मत से मिलता है।" बाजूचा कारकूनही हसला. आईनं तिथेच ठरवलं की आता माघार नाही. तोवर तिच्या मनात थोडं तळ्यात-मळ्यात होतं.

इकडे गटातल्या बायका हळहळल्या. कुणासाठी? बाबांसाठी. एवढा हसरा माणूस. नोकरीवाल्या बायकांना सहन करता येत नाही. हल्ली जरा काही झालं की कोर्ट. हे सगळं माझ्यासमोर. मूल समोर असलं की मोठ्यांना वाटतं, समोर कुणी नाही.

तर त्या अष्टमीच्या आदल्या दिवशी काकूंचा फोन आला. "मुलीला आण हं. कुमारिका पाहिजे." आई खूश झाली. तिला वाटलं, आपल्याला अजून बोलावतात. पहाटे उठून तिनं मोतिया रंगाची साडी काढली. काकूंना आवडतात म्हणून नारळाच्या वड्या केल्या. 'मुलीला आण' या शब्दांत 'तू ये' नाही, हे तिच्या लक्षात आलं नाही. की आलं होतं आणि तिनं दुर्लक्ष केलं? मी तिला अजून विचारलेलं नाही.

आणि आता काकू माझे पाय धुत होत्या आणि म्हणत होत्या, आईला सांग.

माझं पोट दुखायला लागलं. बाबा घर सोडून गेल्यापासून पहिल्यांदाच. मी ओळखलं. हे तेच दुखणं.

काकूंनी पाय पुसले. पावलांवर हळदीकुंकू वाहिलं. खाली वाकून नमस्कार केला. भोवती पाच-सहा बायका बसल्या होत्या, सगळ्या ठेवणीतल्या साड्यांत. शेजारच्याच सोफ्यावर काका पेपर वाचत होते. काकूंच्या हाताला लागतील इतके जवळ. काकूंनी हात पुसले आणि दारातल्या अर्दलीला, साहेबांच्या शिपायाला, हाक मारली. "रामजीलाल, साहब से कहिए, आरती का टाइम हो गया।"

रामजीलाल भैया आत आला. सोफ्याजवळ वाकला. "साब, आरती।"

काका पेपर खाली न करता म्हणाले, "मॅडम को बोलो, दो मिनट।"

रामजीलाल काकूंकडे वळला. "दो मिनट, मॅडम।"

त्याची मान वळली तशी माझीही वळली. मला हे सगळं पाठ होतं. बाकी बायकांना त्यात काही दिसलं नाही. साहेबलोक नोकरांकरवीच बोलतात, त्यात काय. पण मी त्या कामातलं जुनं माणूस. मीठ जास्त झालंय, बाबांना म्हणावं, दो मिनट मॅडम. या घरात घटस्फोटाचा कागद झाला नव्हता, एवढाच फरक. इथे पगारी माणूस ठेवला होता.

"जा ना बेटा," काकू म्हणाल्या. "आईला सांगून ये. मग तुझं ताट वाढते."

मी पाटावरून उठले नाही. मी म्हणाले, "काकू, तुम्हीपण काकांशी बोलत नाही. मग तुम्हाला आत कसं चालतं?"

हे मी उद्धटपणे विचारलं नव्हतं. मला खरंच कळत नव्हतं. आईशी बाबा बोलत नव्हते म्हणून ती वेगळी झाली, वेगळी झाली म्हणून बाहेर. काकूंशी काका बोलत नाहीत, तरी त्या आत, आणि वर सगळ्यांना कुंकू लावणार. यात काहीतरी चुकत होतं आणि ते मी मोठ्यांना विचारलं. शाळेत शिकवतातच, कळलं नाही तर विचारा.

पेपर खाली आला. काकांनी काकूंकडे पाहिलं. काकूंनी त्यांच्याकडे पाहिलं नाही. एक बाई खोकली. रामजीलाल भैया जमिनीकडे बघत उभा.

काकूंचा चेहरा आधी पांढरा पडला, मग लाल झाला. हात अजून ओले होते. "कुणी शिकवलं तुला हे?" त्या म्हणाल्या. "आईनं?"

"आईला तुम्हीच सांगा," मी म्हणाले. "ती बाहेरच आहे. मी नाही सांगणार."

"काय?"

"मी निरोप नाही सांगणार."

आवाज फाटला माझा. रडू येत होतं, पण त्याहून जास्त राग येत होता. मी उठले. पायांवरचं हळदीकुंकू गालिच्यावर सांडलं असेल, मी बघितलं नाही. मागून कुणीतरी म्हणालं, "बघा, मुलांवर असे परिणाम होतात." हे वाक्य माझ्या पाठीत बसलं ते अजून निघालेलं नाही.

आई पायरीपर्यंत आली होती. हातात वड्यांचा डबा. "एवढ्यात? जेवलीस?"

मी मान हलवली.

"का? काय म्हणाल्या काकू?"

मी गप्प. निरोप सांगणार नाही म्हटलं होतं, तर नाही. आईनं माझ्याकडे पाहिलं, मग दाराकडे. दारात काकू आल्या होत्या. दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या. काकूंच्या तोंडून शब्द आला नाही. पोरीच्या हाती निरोप धाडणं सोपं असतं. समोरच्या बाईच्या तोंडावर म्हणायचं, तू अशुभ आहेस, आत येऊ नकोस, याला छाती लागते. काकूंना ती नव्हती.

आईला कळलं. तिनं डबा पायरीवर ठेवला नाही, परत पिशवीत घातला. हेल्मेट चढवलं. स्कूटी सुरू केली.

वाटेत ती एक अक्षर बोलली नाही. सिविल लाइन्स मागे पडलं, टोंक रोड लागला, तरी नाही. मी मागे बसून घाबरले. गप्प बसणं म्हणजे काय, ते मला माहीत होतं. आता आईही बोलणार नाही. आता आमच्या घरात दोघीच, आणि मध्ये निरोप न्यायलाही कुणी नाही. मी तिच्या कमरेला घट्ट धरलं आणि हुंदके द्यायला लागले.

आईनं दुर्गापुरा स्टेशनच्या अलीकडे स्कूटी बाजूला घेतली. हेल्मेट काढलं. तिचंही तोंड रडून सुजलं होतं.

"मी गप्प बसले म्हणून घाबरलीस?"

मी हो म्हटलं.

"ऐक मग. बोलते. मला राग आलाय. खूप राग आलाय. तुझा नाही. त्या बाईचा आलाय, आणि माझा आलाय, नटूनथटून गेले म्हणून. कळलं? आपल्या घरात राग आला तर सांगायचा. तोंडानं. ओरडून सांग, भांडी आपट, चालेल. गप्प बसायचं नाही."

तिथेच रस्त्याकडेला आम्ही नारळाच्या वड्या खाल्ल्या. देवीचं जेवण तेवढंच झालं.

त्यानंतर आमच्या घरी आवाज आले. आम्ही दोघी भांडायचो, आंटीजी वरून ओरडायची, "अरे क्या हो गया?" काही नाही, आंटीजी. बोलतोय. माझं पोट दुखायचं थांबलं. गटाकडून बोलावणी थांबली. आईचं हळदीकुंकू गेलं, भोंडला गेला, मराठीत गप्पा मारायला माणूस उरलं नाही. माझ्या मराठीत हिंदी घुसली ती तेव्हापासून. आई सणाच्या दिवशी मुद्दाम ऑफिसात जास्त थांबायची. तिला त्रास झाला नाही असं मी म्हणणार नाही. झाला. अजून होतो. संक्रांतीला सगळं जयपूर गच्चीवर पतंग उडवतं आणि ती खाली एकटी तिळगूळ करते, कुणाला द्यायचा ठाऊक नसताना.

बाबा आता भोपाळला. बरेच दिवस रविवारी त्यांचा फोन यायचा. अभ्यास, तब्येत, आणि शेवटी, "आईला सांग..." एकदा मी म्हटलं, "बाबा, तुम्हीच सांगा, नंबर तोच आहे." त्यांनी फोन ठेवला. मग फोनच कमी झाले. वर्षातून एखादा. याची किंमत मी मोजली आहे. मला वडील हवे होते. पण निरोप्या होऊन मिळणार असतील तर नको होते.

परिणाम झाले का माझ्यावर? झाले की. मला शांत माणसांची भीती वाटते. ऑफिसातला कुणी दोन दिवस गप्प असला की मी जाऊन विचारते, माझं काही चुकलं का. लग्नाचं नाव काढलं की पहिला प्रश्न मनात येतो, हा माणूस चिडल्यावर बोलतो का. पण हे परिणाम कशाचे? घटस्फोट तर एका दिवसात झाला. सह्या झाल्या, आम्ही लस्सी पिऊन घरी आलो. परिणाम त्याच्या आधीच्या दिवसांचे आहेत. लग्न टिकलं होतं, त्या दिवसांचे.

हे सगळं आज लिहायला कारण आहे. गेल्या रविवारी काकूंचा फोन आला. काका निवृत्त झाले, सरकारी बंगला गेला, पण त्यांनी जयपुरातच फ्लॅट घेतला आहे. गट अजून काकूंच्याच हाती. नंबर कुठून मिळवला कुणास ठाऊक. आवाज तसाच, साखर घोळलेला.

"बेटा, ओळखलंस? आपण एक परिसंवाद ठेवलाय. वाढते घटस्फोट, कारणं आणि परिणाम. वकील येणार आहेत, एक डॉक्टर येणार आहेत. तू परिणामांवर बोल. मुलांच्या बाजूनं. तू चांगली शिकलीस, नोकरी करतेस, लोकांना ऐकायला आवडेल."

म्हणजे पुन्हा तेच. गटाला कुमारिका हवी होती तेव्हा मी. आता परिणाम हवा आहे, तर तोही मीच.

आई माझ्या शेजारी बसून मटार सोलत होती. मी फोन स्पीकरवर टाकला.

"आणि बेटा," काकू म्हणाल्या, "आईला सांग, तिनं वाईट वाटून घेऊ नये. पण लोक मोकळेपणानं बोलतील, तिला अवघडल्यासारखं होईल. ती त्या दिवशी नसलेली बरी."

आईचे हात थांबले. मटाराची शेंग अर्धी उघडलेली.

इतक्या वर्षांनी. शब्दही बदलायची गरज वाटली नाही त्यांना.

"काकू," मी म्हणाले, "आई इथेच आहे. ऐकतेय. तुम्हीच सांगा."

मी फोन आईच्या पुढ्यात धरला. आई म्हणाली, "हं. बोला, वहिनी."

पलीकडे श्वास ऐकू येत होता. मागे टीव्ही चालू होता. आई वाट बघत राहिली. "बोला ना," ती पुन्हा म्हणाली. शांतपणे. मग फोन कट झाला.

आईनं शेंग सोलली, दाणे वाटीत टाकले. "जाणार आहेस?" तिनं विचारलं.

"आपण जाणार आहोत," मी म्हटलं.

"मला नाही बघवत त्यांची तोंडं."

"मग बघू नकोस. माझ्याकडे बघ."

ती चिडली. दोन-चार गोष्टी सुनावल्या मला. हट्टी आहेस, बापावर गेलीस, लोकांत तमाशा करशील. मीही सुनावलं. आंटीजी वरून ओरडली. मग आई म्हणाली, "मोतिया साडीला इस्त्री करावी लागेल."

मी काकूंना मेसेज पाठवला आहे. मी येते. परिणामांवर बोलते. आई माझ्यासोबत असेल.

उत्तर आलेलं नाही. नाही आलं तरी आम्ही जाणार. त्या हॉलमध्ये मी परातीपासून सुरुवात करीन. मिठाची गोष्ट सांगीन, तापाची सांगीन, वकील आणि डॉक्टर ऐकतील. काकांबद्दल या वेळी मी बोलणार नाही, ते काकूंचं आहे, त्यांनी सांगावं नाहीतर झाकावं. पण आई पहिल्या रांगेत बसेल, मधल्या खुर्चीवर. आणि तिला तिथून उठवायचं असेल त्यानं पुढे यावं, तिच्या डोळ्यांत बघावं आणि स्वतःच्या तोंडानं म्हणावं, ऊठ.

मी कुणाचा निरोप नेणार नाही.